फाइल समोर आहे, तरी ‘मॉड्यूल सापडत नाही’: विंडोजमधल्या प्लगइन डीएलएल समजून घेताना

प्लगइनची, म्हणजे एखाद्या प्रोग्रामला जोडायच्या छोट्या पुरवणीची, फाइल योग्य फोल्डरमध्ये ठेवलेली असते, डोळ्यांना दिसत असते, आणि तरीही पडद्यावर चौकट येते: ‘द स्पेसिफाइड मॉड्यूल कुड नॉट बी फाउंड’. सोबत १२६ हा एरर क्रमांक. मग तीच फाइल पुन्हा डाउनलोड केली जाते, विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये टाकली जाते, दोन-तीनदा रीस्टार्ट होतो आणि शेवटी गाडी विंडोज फॉरमॅट करण्यावर येते. ही सगळी धावपळ बहुतेकदा फुकट जाते, कारण सापडत नसते ती ही फाइल नव्हेच. हिला पुढे जी दुसरी फाइल लागते ती सापडत नसते, आणि विंडोज त्या दुसरीचं नाव सांगत नाही.

प्लगइन चालत नसेल तर तपासाचा क्रम ठरलेला ठेवावा. आधी ३२ बिट की ६४ बिट (प्रोग्राम बांधण्याचे हे दोन प्रकार), मग विंडोज नेमकं कुठे शोधतंय, मग त्या फाइलला आणखी कुठल्या फाइली लागतात. रजिस्टर करणं, रिपेअर करणं वगैरे त्यानंतर. लोक नेमकं उलट्या क्रमाने जातात.

खाली फाइलींची आणि आज्ञांची नावं उच्चाराप्रमाणे देवनागरीत दिली आहेत. टाइप करताना ती अर्थातच इंग्रजी अक्षरांत करायची.

डीएलएल म्हणजे काय, आणि तिची वेगवेगळी सोंगं

डीएलएल ही ईएक्सईचीच, म्हणजे प्रोग्रामच्या मुख्य फाइलचीच, भावंड फाइल. दोघींची आतली रचना एकच, फक्त डीएलएल स्वतःहून चालत नाही. दुसऱ्या प्रोग्रामने तिला आपल्या मेमरीत ओढून घ्यावं लागतं. त्या प्रोग्रामला होस्ट म्हणतात.

नावाच्या शेवटी डीएलएल असेलच असं नाही. ओसीएक्स, सीपीएल, एएक्स, फोटोशॉपच्या फिल्टरची ८बीएफ, एक्सेल ॲड-इनची एक्सएलएल, ध्वनिमुद्रणाच्या सॉफ्टवेअरमधली व्हीएसटी३ या सगळ्या आतून डीएलएलच आहेत. आपण मराठी टाइप करतो तो विंडोजचा इनस्क्रिप्ट कीबोर्डसुद्धा एक डीएलएल आहे: केबीडीआयएनएमएआर.डीएलएल, शेवटची तीन अक्षरं मराठीची. तिच्यात ‘कुठली कळ दाबली की कुठलं अक्षर’ याचे तक्ते असतात आणि ते तक्ते विंडोजच्या हातात देणारं एकच फंक्शन (कोडचा नाव दिलेला, एक ठरावीक काम करणारा तुकडा). रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या सेटिंगांच्या नोंदवहीत, कीबोर्ड लेआउट्सच्या खाली ०००००४४ई या क्रमांकासमोर हे फाइलनाव लिहिलेलं असतं. प्लगइनची कल्पना समजायला याहून सुटसुटीत नमुना मिळणार नाही. होस्टला फाइलचं नाव माहीत असतं, त्या फाइलमधल्या ठरावीक नावाच्या फंक्शनला तो हाक मारतो, आणि उत्तर आलं तर प्लगइन चालू.

होस्ट डीएलएल दोन प्रकारे घेतो. काही डीएलएलांची नावं त्याच्या आत आधीच यादी करून लिहिलेली असतात. त्यातली एक जरी नसेल तरी प्रोग्राम सुरूच होत नाही. दुसरा प्रकार प्लगइनचा: प्रोग्राम सुरू होतो, एक फोल्डर चाळतो, मिळेल ती डीएलएल उचलतो आणि तिच्यात आपल्याला हवी ती फंक्शन्स आहेत का ते विचारतो. नोटपॅड++ आपल्या प्लगइनकडे सहा फंक्शन्स मागतो: सेटइन्फो, गेटनेम, गेटफंक्सॲरे, बीनोटिफाइड, मेसेजप्रॉक आणि इजयुनिकोड. व्हीएसटी३ चा होस्ट गेटप्लगइनफॅक्टरी मागतो. म्हणून कुठलीही डीएलएल कुठल्याही प्लगइन फोल्डरमध्ये टाकून भागत नाही, आणि एका होस्टचा प्लगइन दुसऱ्याला चालत नाही. प्रोग्राम सुरूच होत नसेल तर पहिल्या प्रकारची फाइल गहाळ आहे. प्रोग्राम सुरू होतो पण मेनूत प्लगइन दिसत नाही, तर दुसऱ्या प्रकारची गडबड. इथेच निम्मा शोध संपतो.

आधी बिट जुळवा

३२ बिटचा होस्ट ६४ बिटची डीएलएल घेऊ शकत नाही आणि उलटही नाही. यात तडजोड नाही, सेटिंग नाही, ‘कंपॅटिबिलिटी मोड’चा उपयोग नाही. गंमत म्हणजे विंडोज ६४ बिट असणं इथे पुरेसं नाही. होस्ट कुठला आहे ते पाहायचं. विंडोज ११ ची तर ३२ बिट आवृत्तीच नाही, तरी तिच्यावर ३२ बिटचे प्रोग्राम आजही सर्रास चालतात.

होस्ट ओळखायला टास्क मॅनेजर उघडा, डिटेल्स टॅबवर जा, स्तंभांच्या शीर्षकावर राइट क्लिक करून ‘सिलेक्ट कॉलम्स’मधून ‘प्लॅटफॉर्म’ निवडा. प्रत्येक प्रोग्रामसमोर ३२ की ६४ ते दिसेल.

डीएलएल ओळखायला वेगळं सॉफ्टवेअर लागतच नाही, विंडोजचा साधा नोटपॅड पुरतो. फाइलची एक प्रत दुसऱ्या फोल्डरमध्ये काढा आणि ती प्रत नोटपॅडमध्ये उघडा. पडदाभर कचरा दिसेल, पण पहिलीच दोन अक्षरं एम आणि झेड असतील. ही मार्क झ्बिकोव्स्की या मायक्रोसॉफ्टच्या जुन्या अभियंत्याची आद्याक्षरं, डॉसच्या काळापासून प्रत्येक ईएक्सई-डीएलएलच्या कपाळावर लिहिलेली. थोडं पुढे ‘हा प्रोग्राम डॉसमध्ये चालणार नाही’ अशा अर्थाचं इंग्रजी वाक्य सापडेल. त्याच्या पुढे काही ओळींत पी आणि ई ही दोन मोठी अक्षरं जोडीने येतात. त्यांच्यानंतर दोन रिकाम्या जागा, आणि मग मोठा एल असेल तर फाइल ३२ बिटची. छोटा डी आणि त्याला लागून कट्यारीसारखं चिन्ह असेल तर ६४ बिटची. एन्कोडिंगनुसार कट्यारीऐवजी चौकोन किंवा प्रश्नचिन्हही दिसू शकतं. एआरएम प्रोसेसरच्या ६४ बिट फाइलीतही छोटा डी असतो, फक्त पुढचं चिन्ह वेगळं. तशी शंका असेल तर नोटपॅडवर विसंबू नका. पाहून झालं की सेव्ह न करता बंद करा. नोटपॅडने सेव्ह केलेली डीएलएल कायमची बाद होते, म्हणून तर प्रत काढायची.

या युक्तीला एक अपवाद आहे. मायक्रोसॉफ्टच्या डॉटनेट या पद्धतीत लिहिलेले प्लगइन बऱ्याचदा ‘एनी सीपीयू’ पद्धतीने बांधलेले असतात. त्यांच्यात एल दिसतो, पण ते ६४ बिटच्या होस्टमध्येही चालतात.

बिट जुळले नाहीत की विंडोज वेगवेगळ्या तोंडांनी तेच सांगतो. १९३ हा क्रमांक आणि ‘नॉट अ व्हॅलिड विन३२ ॲप्लिकेशन’ हे वाक्य, किंवा प्रोग्राम सुरू होतानाच ०एक्ससी०००००७बी. दुसरा क्रमांक दिसला की लोक ग्राफिक्स ड्रायव्हर बदलत बसतात. तो बहुतेकदा चुकीच्या फोल्डरमधून चुकीच्या बिटची डीएलएल उचलली गेल्याचा असतो.

सिस्टम३२ मध्ये ६४, सिसवॉव६४ मध्ये ३२

हे नाव ठेवणाऱ्यांनी जगाला बरंच छळलं आहे. ६४ बिट विंडोजवर सिस्टम३२ या फोल्डरमध्ये ६४ बिटच्या फाइली असतात आणि सिसवॉव६४ मध्ये ३२ बिटच्या. जुन्या प्रोग्रामांत ‘सिस्टम३२’ हे नाव पक्कं लिहून ठेवलेलं होतं, ते मोडू नये म्हणून हा उफराटा संसार.

त्यात आणखी एक खोच आहे. ३२ बिटचा प्रोग्राम सिस्टम३२ उघडायला गेला तर विंडोज त्याला गुपचूप सिसवॉव६४ मध्ये नेतो. त्यामुळे ३२ बिटच्या फाइल मॅनेजरमधून ‘सिस्टम३२ मध्ये टाकलेली’ फाइल प्रत्यक्षात सिसवॉव६४ मध्ये पडते आणि एक्सप्लोररमध्ये सिस्टम३२ उघडलं तर ती दिसत नाही. ३२ बिटच्या प्रोग्रामला खरं सिस्टम३२ हवं असेल तर त्याने विंडोज फोल्डरखालचं सिसनेटिव्ह हे नाव वापरायचं. रजिस्ट्रीतही हाच प्रकार: ३२ बिटच्या नोंदी वॉव६४३२नोड या फांदीखाली जातात.

डिजिटल स्वाक्षरीचे यूएसबी टोकन वापरणाऱ्यांना, म्हणजे ई-निविदा भरणाऱ्या कंत्राटदारांना आणि सीएंच्या कार्यालयांना, याचा थेट अनुभव येतो. टोकनचा ड्रायव्हर पीकेसीएस११ (टोकनशी बोलण्याची ठरलेली पद्धत) प्रकारची एक डीएलएल टाकतो. फायरफॉक्समध्ये ती सेटिंग्जच्या प्रायव्हसी अँड सिक्युरिटी पानावर ‘सिक्युरिटी डिव्हायसेस’मध्ये जाऊन ‘लोड’ने जोडावी लागते. ॲक्रोबॅट रीडरमध्ये प्रेफरन्सेस, सिग्नेचर्स, आयडेंटिटीज अँड ट्रस्टेड सर्टिफिकेट्स असं जाऊन पीकेसीएस११ मॉड्यूल्सखाली ‘अटॅच मॉड्यूल’. होस्ट ६४ बिट असेल तर सिस्टम३२ मधली प्रत निवडा, ३२ बिट असेल तर सिसवॉव६४ मधली. एका प्रोग्रामला टोकन दिसतं आणि त्याच संगणकावर दुसऱ्याला दिसत नाही, या तक्रारीत सर्वात आधी तपासायची गोष्ट हीच. क्रोमला ही जोडणी लागत नाही, तो विंडोजचाच सर्टिफिकेट साठा वापरतो.

विंडोज कुठे कुठे शोधतो

एखाद्या डीएलएलचं नुसतं नाव दिलं, पूर्ण पत्ता दिला नाही, तर विंडोज आधी पाहतो की त्याच नावाची डीएलएल या प्रोग्रामच्या मेमरीत आधीच आहे का. असेल तर तीच वापरतो. नंतर ‘नोन डीएलएल्स’ या रजिस्ट्रीतल्या राखीव यादीत आहे का. नसेल तर ज्या फोल्डरमध्ये होस्टची ईएक्सई आहे तो फोल्डर, मग सिस्टम३२, मग विंडोजमधला जुना सिस्टम फोल्डर, मग विंडोज फोल्डर, मग चालू फोल्डर, आणि शेवटी पाथ या विंडोजच्या सेटिंगमध्ये लिहिलेले फोल्डर त्याच क्रमाने.

या यादीत एक फोल्डर नाही ते लक्षात आलं का? प्लगइनचा स्वतःचा. होस्टने प्लगइनला पूर्ण पत्ता देऊन उचललं तरी त्या प्लगइनला लागणाऱ्या पुढच्या फाइली विंडोज होस्टच्या फोल्डरमध्ये शोधतो, प्लगइनच्या फोल्डरमध्ये नाही. होस्ट लिहिणाऱ्याने शोधाची पद्धत मुद्दाम बदलली असेल तरच प्लगइनचा फोल्डर पाहिला जातो. सुरुवातीच्या १२६ चं सर्वात ठरलेलं कारण हे. प्लगइनच्या झिपमध्ये तीन डीएलएल होत्या, तिन्ही प्लगइन फोल्डरमध्ये व्यवस्थित टाकल्या, आणि तरी चालत नाही. अशा वेळी मदतनीस डीएलएल होस्टच्या ईएक्सईशेजारी ठेवून पाहा. मात्र तिथे त्याच नावाची फाइल आधीच असेल तर तिच्यावर लिहू नका.

कारण त्या पहिल्या नियमातून, ‘मेमरीत आधीच असेल तर तीच’, आणखी चमत्कारिक बिघाड निघतो. दोन प्लगइन आहेत. दोघांनीही आपापल्या फोल्डरमध्ये एसक्यूलाइट३.डीएलएल आणली आहे, एकाची जुनी, दुसऱ्याची नवी. जुनी आधी मेमरीत आली की दुसऱ्या प्लगइनलाही तीच मिळते. त्याला हवं असलेलं नवं फंक्शन तिच्यात नसतं आणि तो १२७ क्रमांक देऊन बसतो: प्रोसीजर सापडली नाही. पहिला प्लगइन काढला की दुसरा चालू लागतो. झेडलिब, कर्ल, ओपनएसएसएल यांच्या डीएलएलांबाबत हे विशेष होतं, कारण त्या सगळ्यांच्याच गाठोड्यात असतात. उपाय साधा आहे, दोन्ही प्लगइन अद्ययावत करा. नुसती डीएलएल अदलाबदल करून हा गुंता सुटलाच तर नशिबाने.

१२६ आणि १२७ मधला फरक म्हणून पाठ असावा. १२६ म्हणजे फाइल नाही. १२७ म्हणजे फाइल आहे, पण चुकीच्या वयाची.

एक प्लगइन बसवून पाहू

नोटपॅड++ घेऊ, कारण तो बहुतेकांकडे असतो आणि नियम स्पष्ट आहेत. आधी प्रश्नचिन्हाच्या मेनूतून ‘डिबग इन्फो’ उघडून ३२ की ६४ ते पाहा. मग प्लगइनच्या मूळ प्रकल्पाच्या पानावरून त्याच बिटची झिप घ्या.

झिप उलगडण्याआधी तिच्यावर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, आणि खाली ‘अनब्लॉक’ची खूण दिसत असेल तर ती करून ओके. इंटरनेटवरून आलेल्या फाइलवर विंडोज एक अदृश्य शिक्का मारतो आणि एक्सप्लोररने झिप उलगडली की तो आतल्या प्रत्येक फाइलवर उतरतो. आधीच काढला तर एका फटक्यात काम होतं. डॉटनेटचे प्लगइन या शिक्क्यापायी हमखास अडतात आणि ०एक्स८०१३१५१५ असा क्रमांक देतात. तो क्रमांक दिसला की दुसरं काही शोधू नका.

पुढे नोटपॅड++ मध्ये प्लगइन्स मेनूतून प्लगइन फोल्डर उघडा. ७.६ या आवृत्तीपासून नियम असा: प्रत्येक प्लगइनला स्वतःचा उपफोल्डर, आणि उपफोल्डरचं नाव डीएलएलच्या नावाशी तंतोतंत सारखं, फक्त शेवटचं डीएलएल वगळून. जुन्या लेखांत डीएलएल थेट प्लगइन्स फोल्डरमध्ये टाकायला सांगितलेलं असतं, ते आता चालत नाही. उलगडताना विंडोज फोल्डरला झिपचं नाव देतो, त्यात आवृत्ती आणि एक्स६४ वगैरे शेपूट असतं. ते तसंच राहिलं तर प्लगइन दिसणार नाही आणि चुकीचा संदेशही येणार नाही. नुसती शांतता. प्रोग्राम फाइल्समध्ये फाइल टाकताना ॲडमिनची परवानगी मागितली जाईल, द्या. नंतर नोटपॅड++ पूर्ण बंद करून पुन्हा उघडा, कारण प्लगइन फक्त सुरू होतानाच वाचले जातात.

‘हा प्लगइन सध्याच्या आवृत्तीशी जुळत नाही, काढून टाकू का?’ अशी चौकट आली तर घाईने ‘यस’ दाबू नका. ‘नो’ म्हणा, प्रोग्राम बंद करा आणि बिट तपासा.

व्हीएसटी३ प्लगइनांची जागा ठरलेली आहे: प्रोग्राम फाइल्स, त्यात कॉमन फाइल्स, त्यात व्हीएसटी३. ३२ बिटवाल्यांची हीच उतरंड एक्स८६ वाल्या प्रोग्राम फाइल्समध्ये.

रजिस्टर कधी करायचं

इंटरनेटवरचा प्रत्येक दुसरा सल्ला ‘रेगएसव्हीआर३२ चालवा’, म्हणजे विंडोजच्या या आज्ञेने फाइल रजिस्टर करा, असा असतो. तो फक्त कॉम या विंडोजच्या जुन्या जोडणी पद्धतीच्या डीएलएल आणि ओसीएक्सना लागू आहे, म्हणजे ज्यांच्यात डीएलएलरजिस्टरसर्व्हर हे फंक्शन आहे त्यांना. व्हीसीरनटाइम१४० ला, नोटपॅड++ च्या प्लगइनला किंवा गेमच्या डीएलएलला रजिस्टर करण्याचा काही संबंध नाही. तरी केलं तर ‘मॉड्यूल लोड झालं, पण एंट्री पॉइंट सापडला नाही’ असा संदेश येतो. तो बिघाड नव्हे. ‘मला हे लागत नाही’ एवढंच ती फाइल सांगते आहे.

खरी गरज पडते ती व्हिज्युअल बेसिक ६ मध्ये लिहिलेल्या जुन्या सॉफ्टवेअरांना. दुकानांतली कित्येक बिलिंग सॉफ्टवेअर्स आणि पतसंस्थांची जुनी हिशेबाची पॅकेजेस अजून त्यावर चालतात. नव्या संगणकावर ती ‘कॉम्पोनंट एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स नीट रजिस्टर झालेला नाही’ म्हणून अडतात. ही ओसीएक्स ३२ बिटचीच असते, ६४ बिटची मिळणारच नाही.

ती त्या सॉफ्टवेअरच्या मूळ सीडीवरून किंवा इन्स्टॉलरमधून घ्या आणि सिसवॉव६४ मध्ये ठेवा. स्टार्ट मेनूत सीएमडी (आज्ञा टाइप करायची खिडकी) शोधून ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ने उघडा. सीडी आज्ञेने विंडोजमधल्या सिसवॉव६४ मध्ये जा आणि तिथूनच रेगएसव्हीआर३२, एक स्पेस, एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स असं टाइप करून एंटर करा. ‘सक्सीडेड’ आलं की झालं.

ॲडमिन म्हणून उघडलं नसेल तर ०एक्स८००७०००५ येतो, म्हणजे परवानगी नाही. तुमचं खातं ॲडमिनचं असलं तरी सीएमडी वेगळा ॲडमिन म्हणून उघडावाच लागतो. ०एक्स८००२८०१सी आला तरी बहुधा तेच कारण. ‘मॉड्यूल लोड होऊ शकलं नाही’ आलं तर पुन्हा आपला १२६: या ओसीएक्सला लागणारी दुसरी फाइल नाही.

रजिस्टर करणं म्हणजे फाइलचा पूर्ण पत्ता रजिस्ट्रीत लिहून ठेवणं, बाकी जादू काही नाही. त्यामुळे डेस्कटॉपवरून किंवा पेनड्राइव्हवरून रजिस्टर केलेली फाइल नंतर हलवली, पुसली किंवा पेनड्राइव्ह काढला की सॉफ्टवेअर बंद. आधी जागेवर ठेवा, मग रजिस्टर करा. काढताना उलट: आधी त्याच आज्ञेत तिरप्या रेघेनंतर यू लावून नोंद काढा, मग फाइल पुसा.

कुठली फाइल कुठल्या पॅकेजात

गहाळ फाइलचं नाव कळलं की ती सुटी शोधायची नाही, ती ज्या पॅकेजातून येते ते बसवायचं. व्हीसीरनटाइम१४० आणि एमएसव्हीसीपी१४० या मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल पॅकेजातून येतात. २०१५ ते २०२२ या आवृत्त्यांचं पॅकेज एकच आहे. एमएसव्हीसीआर१२० असेल तर २०१३ चं, ११० असेल तर २०१२ चं, १०० असेल तर २०१० चं. ६४ बिट विंडोजवर एक्स८६ (३२ बिट) आणि एक्स६४ (६४ बिट) दोन्ही पॅकेजेस बसवावीत, कारण कुठला प्रोग्राम कुठल्या बिटचा निघेल ते सांगता येत नाही. डी३डीएक्स९_४३ किंवा एक्सइनपुट१_३ मागणाऱ्या जुन्या खेळांना जून २०१० चं डायरेक्टएक्स एंड-युजर रनटाइम लागतं. विंडोजमध्ये नवं डायरेक्टएक्स असलं तरी या जुन्या फाइली त्यात नसतात.

एमएसव्हीसीआर८० आणि ९० या २००५ आणि २००८ च्या फाइली वेगळ्या वळणाच्या. त्या विनएसएक्सएस या भांडारात राहतात आणि मॅनिफेस्ट नावाच्या चिठ्ठीशिवाय बाहेर येत नाहीत. त्या नुसत्या कॉपी करून शेजारी ठेवल्या तर आर६०३४ असा रागीट संदेश मिळतो. ‘साइड-बाय-साइड कॉन्फिगरेशन’बद्दलची तक्रार दिसली तर २००५ किंवा २००८ चं पॅकेज बसवा.

नावाच्या शेवटी जादा डी दिसला, म्हणजे व्हीसीरनटाइम१४०डी किंवा एमएसव्हीसीपी१४०डी, तर शोधाशोध थांबवा. त्या डीबगच्या फाइली आहेत आणि कुठल्याही पॅकेजात येत नाहीत. प्लगइन करणाऱ्याने चाचणीची बांधणी चुकून बाहेर सोडली आहे. त्यालाच कळवून रिलीज बांधणी मागायची.

नाव कळतच नसेल तर

दोन साधनं जवळ ठेवा. डिपेंडन्सीज नावाचं मोफत, मुक्त स्रोत सॉफ्टवेअर: प्लगइनची डीएलएल त्यात ओढून टाकली की तिला लागणाऱ्या फाइलींची झाडासारखी यादी दिसते. जुना डिपेंडन्सी वॉकर वापरू नये. तो एपीआय-एमएस-विन या नावाने सुरू होणाऱ्या ढीगभर फाइली गहाळ म्हणून दाखवतो, पण आजच्या विंडोजमध्ये ती नुसती पर्यायी नावं असतात.

दुसरं प्रोसेस मॉनिटर. हे सिसइंटर्नल्स या साधनसंचातलं, जो २००६ पासून मायक्रोसॉफ्टकडे आहे. ते उघडताच नोंदींचा पूर येतो, घाबरू नका. कंट्रोल-ई दाबून नोंद थांबवा, कंट्रोल-एक्सने पुसा, कंट्रोल-एलने फिल्टर उघडा. प्रोसेस नेम ‘इज’ आणि पुढे होस्टच्या ईएक्सईचं नाव. दुसरी अट, पाथ ‘एंड्स विथ’ डॉट डीएलएल. आता कंट्रोल-ई ने नोंद सुरू करा, होस्ट उघडा, एरर आला की पुन्हा थांबवा.

‘नेम नॉट फाउंड’ अशा ओळी भरपूर दिसतील आणि त्यातल्या बहुतेक निरुपद्रवी असतील. विंडोज एकेक फोल्डर चाचपत जातो, त्यामुळे प्रत्येक फाइलला दोन-चार नकार मिळून मग ‘सक्सेस’ येतं. तुम्हाला हवी ती फाइल अशी असते: एकाच नावाच्या ओळी होस्टच्या फोल्डरपासून सिस्टम३२, विंडोज, मग पाथमधला एकेक फोल्डर अशा शिडीने उतरत जातात, सगळीकडे ‘नेम नॉट फाउंड’, आणि ‘सक्सेस’ कधीच येत नाही. त्या शिडीच्या जरा वर तुमच्या प्लगइनची ‘सक्सेस’ची ओळ असते. शिडीतलं ते नाव म्हणजे चौकटीने लपवलेली फाइल.

होस्टच कोसळत असेल तर

प्लगइन होस्टच्याच मेमरीत चालतो, म्हणून तो घसरला की होस्टही पडतो. इव्हेंट व्ह्यूअरमध्ये विंडोज लॉग्ज, ॲप्लिकेशन, तिथे १००० क्रमांकाची नोंद शोधा आणि ‘फॉल्टिंग मॉड्यूल’ वाचा. प्लगइनचं नाव असेल तर प्रश्न मिटला. एनटीडीएलएल, कर्नलबेस किंवा यूसीआरटीबेस असेल तर त्यांच्यावर आळ घेऊ नका. मेमरी दुसऱ्याच कुणी बिघडवलेली असते, हे बिचारे फक्त प्रेताजवळ सापडतात.

राइट क्लिक केल्यावर एक्सप्लोरर अडखळत किंवा बंद पडत असेल तर कारण बहुधा शेल एक्स्टेन्शन, म्हणजे राइट क्लिकच्या मेनूत आपली ओळ घुसवणारी डीएलएल. शेलएक्सव्ह्यू या मोफत साधनात कंपनीनुसार क्रम लावा, मायक्रोसॉफ्टच्या सोडून बाकी सगळ्या बंद करा, एक्सप्लोरर रीस्टार्ट करा. त्रास थांबला तर निम्म्या परत चालू करा, पुन्हा पाहा. चाळीस एक्स्टेन्शन असली तरी सहाव्या फेरीपर्यंत गुन्हेगार हाती लागतो.

सुट्या डीएलएल विकणारी संकेतस्थळं

‘गहाळ डीएलएल इथे मिळेल’ म्हणणाऱ्या ठिकाणांहून काही घेऊ नये. फाइल कुणाची, कुठल्या आवृत्तीची, कुठल्या बिटची याची खात्री नसते. आणि डीएलएल म्हणजे चालणारा कोड आहे, होस्टला जे अधिकार तेच तिला. फाइलच्या प्रॉपर्टीजमध्ये ‘डिजिटल सिग्नेचर्स’ टॅब पाहण्याची सवय ठेवा. छोट्या मुक्त स्रोत प्लगइनला सही नसणं स्वाभाविक आहे. पण मायक्रोसॉफ्टची म्हणवणाऱ्या रनटाइम फाइलला सही नसेल तर ती पुसाच.

विंडोजची स्वतःची फाइल बिघडली असेल तर ॲडमिन सीएमडीत आधी डिझम, ऑनलाइन, क्लीनअप-इमेज, रिस्टोअरहेल्थ ही आज्ञा, डिझमनंतरच्या प्रत्येक शब्दाआधी तिरपी रेघ. ती संपली की एसएफसी आणि तिरपी रेघ लावून स्कॅननाऊ. पहिली दुरुस्तीचं सामान ताजं करते, दुसरी त्यातून फाइली बदलते. प्लगइन किंवा त्याच्या रनटाइमसाठी मात्र या दोन्हींचा उपयोग शून्य.

कालपर्यंत चालणारी डीएलएल आज जागेवरच नसेल तर विंडोज सिक्युरिटीमध्ये ‘प्रोटेक्शन हिस्टरी’ बघा, अँटिव्हायरसने उचलून नेलेली असू शकते. खात्री असेल तरच परत आणा.

आणि पुसायला गेल्यावर ‘फाइल वापरात आहे’ म्हणत असेल तर सीएमडीत टास्कलिस्ट, तिरपी रेघ एम आणि फाइलचं नाव द्या. ती कुठल्या प्रोग्रामांनी धरून ठेवली आहे ते दिसतं. यादीत एक्सप्लोरर.ईएक्सई असेल तर टास्क मॅनेजरमधून तो रीस्टार्ट करून लगेच पुसा. राइट क्लिक करायच्या आत, नाहीतर तो ती पुन्हा उचलतो.